हळदीच्या मागे रस्ता रोको

कोल्हारच्या बाजारपेठेत चांगुणाबाई वाबळे यांच्याकडे जुनं काही बघायला गेलं, तर त्या साल विचारत नाहीत. लग्न कुणाचं, ते विचारतात. दोन वर्षांपूर्वी नगरच्या एका कॉलेजातला एक प्राध्यापक प्रवरेच्या जुन्या पुराचं चित्रीकरण शोधत त्यांच्याकडे आला होता. त्याला साल माहीत होतं, महिना माहीत होता, लग्न कुठलं माहीत असणार? चांगुणाबाई डोळे मिटून म्हणाल्या, "केशरबाईच्या धाकटीच्या लग्नामागं हाय. लग्न वैशाखातलं, पूर श्रावणातला." मांडणीतून त्यांनी बरोबर ती कॅसेट काढली. नवरी रडत गाडीत बसली, पडदा क्षणभर काळा झाला, आणि पुढच्या क्षणी पुलाच्या कठड्याला लागलेलं गढूळ पाणी दिसू लागलं.

ही सवय त्यांच्या नवऱ्याची, म्हणजे बन्सी वाबळे यांची. बन्सी १९८८ पासून लग्नांचं शूटिंग करायचे. खांद्यावर घ्यायचा पॅनासॉनिकचा कॅमेरा, हॅलोजनचे दोन दिवे आणि एक जुनी बजाज एम-८० दुचाकी, एवढ्यावर त्यांनी कोल्हारपासून पार राजूरपर्यंतची लग्नं केली. व्हिडिओ कॅसेट तीन तासांची असायची. लग्न काही बरोबर तीन तासांच्या हिशोबात बसत नाही. शेवटच्या कॅसेटमध्ये वीस-पंचवीस मिनिटांची टेप कोरी उरायची. इतर शूटिंगवाले मिक्सिंग झालं, की मूळ कॅसेट पुसून पुढच्या लग्नाला वापरत. बन्सी ती बाजूला ठेवत आणि उरलेल्या टेपेवर गाव टिपत. बाजार, ऊसतोडीला आलेल्यांची पालं, शाळेच्या मैदानावरची कवायत, पारावरची भांडणं. कुणी सांगितलेलं नसायचं, कुणी मागितलेलं नसायचं. टेप भरली, की कॅसेटच्या पाठीमागची प्लॅस्टिकची छोटी पट्टी ते मोडून टाकत. ती मोडली, की त्या कॅसेटवर दुसरं काही भरता येत नाही. कॅसेटवर चिठ्ठी मात्र लग्नाचीच राहायची. म्हणून कोल्हारचा वीस-बावीस वर्षांचा इतिहास आज नवरा-नवरीच्या नावांखाली लपलेला आहे.

बन्सी टिपत आणि चांगुणाबाई सांभाळत. सांभाळणं त्या एका चुकीतून शिकल्या. एका पावसाळ्यात दुकानाच्या गाळ्यात पाणी शिरलं. बन्सी राजूरला एका कार्यक्रमाच्या शूटिंगला गेलेले. खालच्या फळीवरच्या कॅसेटी भिजल्या होत्या. चांगुणाबाईंनी त्या घरी आणल्या, पाऊस उघडून कडक ऊन पडल्याबरोबर गच्चीवर धुतलेलं लुगडं अंथरलं आणि कुरडया वाळत घालाव्यात तशा एकेक कॅसेट मांडली. दुपारपर्यंत अकरा कॅसेटींची कवचं वाकडी झाली. बन्सी परत आले, त्यांनी पाहिलं. स्क्रू खोलून आतली चाकं दुसऱ्या कोऱ्या कॅसेटींमध्ये बसवत दोन दिवस बसले. सात वाचल्या, चार गेल्या. गेलेल्यांपैकी एकीत चांगुणाबाईंचे वडील होते. नातेवाइकाच्या लग्नात ते पंगतीत उभं राहून कुणाची तरी थट्टा करत होते, एवढंच. त्यांचे फोटो घरात आहेत. आवाज त्या एकाच कॅसेटमध्ये होता.

त्यानंतर त्यांनी कॅसेटी कधी आडव्या ठेवल्या नाहीत, कधी उन्हात नेल्या नाहीत, आणि दर सहा महिन्यांनी एकेक कॅसेट मशीनमध्ये घालून शेवटपर्यंत पुढे नेऊन परत मागे आणण्याचा नेम धरला. तसं केलं नाही, तर टेप एकमेकींना चिकटते, उसाच्या पट्ट्यातल्या ओलसर हवेत पांढरी बुरशी धरते. २०११ मध्ये बन्सी गेले. तोवर मोबाईल आले होते, व्हिडिओचं दुकान ओस पडलं होतं. मुलगा पुण्याला कंपनीत लागला. गाळा सोडून द्या, असं सगळ्यांनी सुचवलं. चांगुणाबाईंनी दर्शनी भागात ब्लाउजपीस आणि फॉल विकायला ठेवले आणि मागच्या भागात कॅसेटी तशाच राहू दिल्या.

मी त्यांच्याकडे थोरल्या भावाच्या लग्नाची कॅसेट शोधायला गेलो होतो. भावाचं लग्न मिळालं, आणि त्याच्या मागे आमच्या गल्लीतली पाण्याच्या टँकरभोवतीची झुंबड मिळाली. त्यात माझी आई होती. सगळं एका बाईच्या डोक्यात आहे, उद्या हिला काही झालं तर काय, या विचाराने मी लांब पानांचं एक रजिस्टर आणलं. आठ रविवार त्या सांगत गेल्या, मी लिहीत गेलो. क्रमांक, लग्न कुणाचं, आणि "मागे काय आहे" असे तीन रकाने. एकूण चारशे बारा कॅसेटी निघाल्या. रजिस्टर झालं, तरी त्या आजही डोळे मिटूनच सांगतात. रजिस्टर माझ्यासारख्यांसाठी आहे.

आता ज्या गोष्टीमुळे चांगुणाबाईंचं नाव तालुक्यात झालं, ती सांगतो.

गावात एक शिक्षण संस्था आहे. तिचे अध्यक्ष माधवअण्णा. २०२४ च्या हिवाळ्यात त्यांना पंचाहत्तर वर्षं पूर्ण होणार होती, म्हणून त्यांच्या आयुष्यावर तासाभराचा माहितीपट करायचं संस्थेने ठरवलं. काम नगरच्या दिशा नावाच्या मुलीला मिळालं. सावेडीत तिचा छोटा स्टुडिओ आहे. जुन्या कॅसेटी संगणकावर उतरवून द्यायचं काम ती करते, त्यामुळे कॅसेट हाताळायची कशी ते तिला माहीत होतं. चांगुणाबाईंना ती पहिल्याच दिवशी आवडली, कारण तिने कॅसेट हातात घेताना टेपेला बोट लावलं नाही.

दिशाला अण्णांचं जुनं चालतं-बोलतं चित्र हवं होतं. शाळेचं भूमिपूजन मिळालं, बक्षीस समारंभ मिळाले. मग तिने यादीतलं शेवटचं विचारलं. डिसेंबर १९९४ चा नगर-मनमाड रस्त्यावरचा रस्ता रोको. संस्थेने तिला दिलेल्या टिपणात लिहिलं होतं, की गावाबाहेरच्या वस्तीच्या फाट्यावर ट्रकखाली शाळकरी मुलगी गेली, तेव्हा अण्णा पुतण्याचं लग्न सोडून, डोक्याला फेटा बांधलेला तसे, बायकांबरोबर रस्त्यावर उतरले आणि सरकारकडून गतिरोधक आणि एसटीचा थांबा मिळवून घेतला. ही गोष्ट गावात नव्या पिढीला ठाऊक आहे ती अशीच. शाळेच्या गॅदरिंगमध्ये तिच्यावर नाटुकलंही बसवलेलं आहे.

चांगुणाबाईंनी या वेळी डोळे मिटले नाहीत. "सुनीलची हळद. त्याच्या मागं हाय," एवढंच त्या म्हणाल्या.

सुनील म्हणजे अण्णांचा तोच पुतण्या, आता संस्थेचा सचिव. त्या दिवशी वऱ्हाड राहुरीकडे निघालं होतं. पहिल्या जीपमध्ये नवरदेव आणि कॅमेरा घेऊन बन्सी, मागे अण्णांची गाडी, त्यामागे बायकांचा टेम्पो. फाट्यावर रस्ता बंद होता. बन्सींनी लग्नासाठी घातलेली कोरी कॅसेट बाहेर काढली, आदल्या दिवशीच्या हळदीची कॅसेट आत घातली, कारण तिच्यात थोडी टेप उरली होती, आणि ते जीपमधून खाली उतरले.

सहा मिनिटं चाळीस सेकंदांची ती चित्रफीत आहे. रस्त्यावर तीसेक बायका बसलेल्या. मध्ये भिमाबाई पगारे, पस्तिशीच्या, कपाळाला पदर घट्ट बांधलेला. आदल्या दिवशी गेलेली सातवीतली मुलगी त्यांची. फेटा बांधलेले अण्णा बायकांसमोर येऊन उभे राहतात आणि हात वर करतात. आवाज बारीक केला, तर ते घोषणा देत आहेत असंच वाटेल. आवाज असला, की ऐकू येतं ते असं.

"उठा, उठा गं. भिमे, वऱ्हाड अडकलंय. मुहूर्त टळंल."

"टळू द्या. मुहूर्त दुसरा निघंल. माजी सत्यशीला दुसरी निघनार हाय का?"

अण्णा पुन्हा हात वर करून काही सांगू लागतात, तेव्हा भिमाबाई म्हणतात, "अण्णा, तुमी बाजूला व्हा. रस्ता आमी अडवलाय, तुमी न्हाई."

अण्णा बाजूला होतात. मग भिमाबाई कॅमेऱ्याकडे बघून मुलीबद्दल बोलतात. ती कुठल्या बाकावर बसायची, फाटा ओलांडताना धाकट्या भावाचा हात कसा धरायची, त्या दिवशी भाऊ तापाने घरी होता म्हणून कसा वाचला. दुपारी दोनला अधिकारी आले, त्यांनी लेखी दिलं आणि बायका उठल्या. सुनीलचं लग्न तीन तास उशिरा लागलं. अण्णांनी बन्सींना बजावलं होतं, की हे असलं पुसून टाक. लग्नाच्या कॅसेटमध्ये ते येणार नाही, असं बन्सींनी सांगितलं. शब्द पाळला. सुनीलच्या घरी दिलेल्या कॅसेटमध्ये ते आलं नाही. मूळ कॅसेटच्या मागची पट्टी मात्र त्यांनी त्याच संध्याकाळी मोडली.

दिशाने हे सगळं शेवटपर्यंत पाहिलं. मग तिने खरं ते सांगितलं. माहितीपट संस्थेचा आहे, निवेदन लिहून तयार आहे, आणि ते बदलायचा अधिकार तिला नाही. चित्र घेऊन त्याखाली निवेदन आणि सनई घालायची, मूळ आवाज काढून टाकायचा, असं सुनीलने आधीच सांगितलेलं आहे. जुनं चित्र असंच वापरतात, सगळीकडे वापरतात, असंही ती म्हणाली. ते म्हणताना तिचा आवाज खाली गेला होता, असं चांगुणाबाईंनी मला नंतर सांगितलं.

चांगुणाबाईंनी कॅसेट मशीनमधून काढली, डबीत घातली आणि डबी मांडीवर ठेवली.

"चित्र पायजे तर आवाजासकट. आवाज काढून चित्र मिळायचं न्हाई."

दिशाने समजावून पाहिलं, की चित्र जसं आहे तसंच राहील, त्यात खोटं काही घालणार नाही, फक्त आवाज नसेल. चांगुणाबाई म्हणाल्या, की आवाज नसला की त्याच चित्राचं खोटं होतं, आणि हे त्यांच्यापेक्षा दिशाला जास्त कळतं.

चार दिवसांनी सुनील स्वतः आला. आल्या आल्या काकूंच्या पाया पडला, बन्सीकाकांची आठवण काढली, चहा घेतला. योग्य तो मोबदला देऊ म्हणाला, पडद्यावर आभारात बन्सीकाकांचं नाव मोठ्या अक्षरात देऊ म्हणाला. चांगुणाबाई ऐकत राहिल्या आणि फॉलची रिळं लावत राहिल्या. मग सुनीलने दुसरा मुद्दा काढला. कॅसेट त्याच्या लग्नाची, त्याच्या वडिलांनी सांगितलेलं काम. म्हणजे मालकी त्याची. तो आपली वस्तू मागतोय, उपकार मागत नाही.

चांगुणाबाईंनी याचं उत्तर तयार ठेवलं होतं की ते त्यांना तिथेच सुचलं, मला ठाऊक नाही. त्या म्हणाल्या, "तुजी हळद तुला देते की. तू पाटावर बसलायस, आत्या तुजं नाक हळदीनं माखतीया, तितपर्यंत सगळं तुजं. त्याच्या मागचं तुजं न्हाई. त्यात तू नवरदेव न्हाईस, अडकलेली गाडी हायस."

सुनील तोवर हसत होता. इथे थांबला.

"काकू, तुम्ही मोठ्या गोष्टी सांगू नका. तुम्हीपण त्या दिवशी वऱ्हाडातच होता. टेम्पोत बसून होता, भारीतली साडी नेसून. एकदा तरी खाली उतरला का?"

हे खरं होतं. चित्रफितीच्या पाचव्या मिनिटाला कॅमेरा मागे वळतो आणि बायकांचा टेम्पो दिसतो. फळकुटाला रेलून बसलेली हिरव्या साडीतली बाई कॅमेरा पाहताच तोंड फिरवते. ती चांगुणाबाई.

"व्हय," त्या म्हणाल्या. "तीन तास बसले. उतरले न्हाई. दिसते मी त्यात. ते बी काढायचं न्हाई."

सुनीलने जाता जाता गाळ्याचा विषय काढला. ज्या इमारतीत गाळा आहे, ती संस्थेची. भाडेकरार केव्हाच संपलेला, बन्सीकाकांच्या ओळखीवर सगळं चाललेलं. वर दुरुस्ती काढायची आहे, असं त्याने सहज सांगितल्यासारखं सांगितलं. आठवडाभरात नोटीस आली. एका महिन्यात गाळा रिकामा करावा.

माझ्या मनात आलं ते मी बोलून दाखवलं. चारशे बारा कॅसेटी ठेवायच्या कुठे? घर दोन खोल्यांचं, त्यातली एक गळकी. एका कॅसेटसाठी बाकी चारशे अकरा धोक्यात घालण्यापेक्षा काहीतरी मधला मार्ग काढावा. चांगुणाबाई माझ्यावर रागावल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, की आज हिचा आवाज काढला तर उद्या बाकीच्यांचा कशासाठी ठेवायचा? मग ब्लाउजपीसच विकलेले बरे. आणि त्या म्हणाल्या, की हो किंवा नाही हे सांगायचा हक्क त्यांचाही नाही, तो भिमाबाईंचा आहे. इतके दिवस हे कुणाच्या लक्षात आलं नव्हतं, माझ्याही नाही.

दुसऱ्या दिवशी त्यांनी कॅसेट आणि मशीन घेतलं, दिशालाही फोन करून बोलावून घेतलं, आणि आम्ही तिघं रिक्षाने फाट्यावरच्या वस्तीत भिमाबाईंकडे गेलो. भिमाबाई आता पासष्टीच्या आहेत. धाकटा मुलगा सचिन, तोच, जो त्या दिवशी तापाने घरी होता, एसटीत वाहक आहे. चांगुणाबाईंनी दारातच सांगून टाकलं, की तीस वर्षं हे आपल्याकडे होतं आणि आपण कधी दाखवायला आलो नाही, ही आपली चूक आहे. भिमाबाईंनी त्यांना नीट न्याहाळलं.

"टेम्पोतली ना तू?" त्या म्हणाल्या.

"व्हय."

"मला दिसत हुतीस. ये आत."

चित्रफीत लावली. भिमाबाईंनी ती एकदा पाहिली, मग पुन्हा लावायला सांगितली, मग पुन्हा. रडल्या नाहीत. तिसऱ्यांदा संपल्यावर त्यांनी विचारलं, की यात मी पोरीचं नाव किती वेळा घेतलंय. चांगुणाबाईंनी क्षणात सांगितलं, चार वेळा.

"आन् ह्यांच्या पिक्चरमधी किती येळा ऐकू येनार?"

हा प्रश्न दिशाला होता. एकदाही नाही, असं दिशाला सांगावं लागलं. निवेदनात "एक शाळकरी मुलगी" असे शब्द आहेत.

"मग चारी येळा ऐकू आलं पायजे," भिमाबाई म्हणाल्या. "न्हाई तर माजं तोंड दाखवायचं न्हाई."

दिशा तिथून निघाली ती सरळ सुनीलला भेटली आणि तिने पूर्ण सहा मिनिटं मूळ आवाजासकट घ्यायचा आग्रह धरला. सुनीलने नकार दिला. मग तिने माहितीपट ठरल्याप्रमाणे पूर्ण करून दिला, रस्ता रोकोच्या जागी अण्णांचा एक फेट्यातला फोटो वापरला, आणि पडद्यावरच्या नामावलीतून स्वतःचं नाव काढायला लावलं. काम सोडून का दिलं नाहीस, असं चांगुणाबाईंनी तिला तोंडावर विचारलं. दिशाने सांगितलं, की स्टुडिओत दोन माणसं पगारावर आहेत. चांगुणाबाईंना ते पटलं नाही, पण त्यांनी तिच्याशी बोलणं तोडलं नाही.

गाळ्यासाठी महिना मिळाला होता. चांगुणाबाईंनी तो आठ दिवसांत रिकामा केला. नोटिशीचा महिना भरण्याची वाट बघत बसणं त्यांना मान्य नव्हतं. भिमाबाईंच्या वस्तीतल्या समाजमंदिराला माळ्यावर एक कोरडी खोली आहे. वस्तीने बैठक घेऊन ती दिली. रजिस्टरमधला क्रमांक वाचायचा, कॅसेट खोक्यात उभी ठेवायची, तिकडे पुन्हा क्रमांक वाचून मांडणीत लावायची, असं दोन दिवस चाललं. सचिनने रजा टाकली होती. चारशे बाराच्या चारशे बारा पोहोचल्या.

अण्णांचा सत्कार डिसेंबरमध्ये, रविवारी सकाळी अकराला होता. मांडव शाळेच्या मैदानावर. नगर, राहाता, राहुरी, सगळीकडून माणसं येणार, आणि एसटीने येणारी माणसं फाट्यावरच्या थांब्यावर उतरून चालत जाणार. हे चांगुणाबाईंनी हेरलं होतं. सकाळी नऊला त्यांनी थांब्याच्या शेडमध्ये एक खाट टाकली, खाटेवर टीव्ही आणि मशीन ठेवलं. वीज भिमाबाईंच्या घरातून लांब वायरने आणली. मूळ कॅसेट माळ्यावरून हलली नाही. दिवसभर फिरवण्यासाठी दोन मशीनं जोडून नक्कल काढून घेतली होती. टीव्हीवर त्यांनी एक पुठ्ठा लावला. त्यावर तारीख, जागा आणि "शूटिंग : बन्सी वाबळे", एवढंच. दोषारोप नाही, घोषणा नाही. काही लिहायचं का, असं मी विचारलं होतं. ज्याला कान आहेत त्याला लिहून कशाला द्यायचं, असं त्या म्हणाल्या.

भिमाबाई खुर्ची टाकून शेजारी बसल्या. पहिल्या एसटीतून उतरलेली माणसं रेंगाळली, मग थांबली. फेट्यातले अण्णा दिसताच कुणीतरी म्हणालं, हेच ते, लग्न सोडून आले ते. पुढच्याच क्षणी अण्णांचा आवाज आला, "उठा, उठा गं", आणि माणसं पडद्याजवळ सरकली. चित्रफीत संपली, की चांगुणाबाई टेप मागे घेत आणि पुन्हा लावत. दहा वाजेपर्यंत शेडमध्ये पाय ठेवायला जागा उरली नाही. रस्त्यावरचे ट्रकवालेसुद्धा गतिरोधकावर वेग कमी झाला, की मान वळवून बघत होते. त्या वेळी रस्त्यावर बसलेल्यांपैकी साळूबाई नावाच्या म्हातारीला नातवाने हाताला धरून आणलं. तिने पडद्यावर बोट ठेवून एकेकीची नावं घेतली. कोण आता हयात नाही, कोण मुलीकडे राहते, कुणी त्या दिवशी चुलीवर भाकरी तशीच टाकून धाव घेतली.

साडेदहाला सुनील आला. कुणीतरी फोन केला असणार. पांढरी गाडी थांब्याजवळ उभी करून तो गर्दीच्या मागे येऊन उभा राहिला. पडद्यावर नेमकी त्याचीच जीप होती. मुंडावळ्या बांधलेला सव्वीस वर्षांचा सुनील घामाघूम होऊन घड्याळ बघत होता. "नवरदेवाला घाम फुटलाय बघा," कुणीतरी बोललं. शेडमध्ये हशा पिकला. मग कुणाचं तरी मागे लक्ष गेलं आणि हशा विरला.

गर्दीने वाट दिली. सुनील पुढे आला. आवाज न चढवता त्याने काकूंना हे बंद करायला सांगितलं. पाहुणे येताहेत, अण्णांचं वय आहे, आजच्या दिवशी हे शोभत नाही.

चांगुणाबाईंनी भिमाबाईंकडे पाहिलं. भिमाबाई पडद्याकडे बघत होत्या. त्यांनी मानही वळवली नाही.

"कॅसेट तुजी हाय म्हनला हुतास ना?" चांगुणाबाई सुनीलला म्हणाल्या. "मग बस. बघ."

आणि त्यांनी आपली खुर्ची त्याच्यापुढे सरकवली.

तो बसला नाही. उभ्याउभ्याच त्याने पुढची दोन मिनिटं पाहिली, असं मी शपथेवर सांगू शकतो, कारण मी त्याच्या शेजारी होतो. भिमाबाईंनी पडद्यावर मुलीचं नाव तिसऱ्यांदा घेतलं, तेव्हा तो वळला आणि गाडीत जाऊन बसला. वायर काढायला दोन माणसं पाठवतो की काय, अशी सचिनला धास्ती होती. पण कुणी आलं नाही. टीव्ही संध्याकाळी पाचपर्यंत चालला. मधल्या काळात मांडवात सत्कार झाला, माहितीपट दाखवला गेला. तिथे गेलेल्यांनी येऊन सांगितलं, की फेट्याचा फोटो आला आणि निवेदकाने रस्ता रोकोचं वाक्य म्हटलं, तेव्हा मागच्या रांगांत कुजबुज सुरू झाली आणि ती बराच वेळ थांबली नाही.

भाषणात अण्णांनी शाळेबद्दल सांगितलं, उसाबद्दल सांगितलं, रस्त्याचा विषय काढला नाही. यातून कुणी काय घ्यायचं ते घ्यावं.

संस्थेने तो माहितीपट यूट्यूबवर टाकला. खाली लोकांनी लिहायला सुरुवात केली. बहुतेकांनी एकच प्रश्न विचारला होता. मुलीचं नाव काय? काहींनी नाव लिहिलंही. पंधरा दिवसांनी मी पुन्हा पाहिलं, तर माहितीपट एका मिनिटाने कमी झाला होता. फेट्याचा फोटो नव्हता, रस्ता रोकोचं वाक्य नव्हतं. नाटुकलंही त्या वर्षीच्या गॅदरिंगमध्ये झालं नाही.

मला वाटलं, ही बातमी ऐकून चांगुणाबाईंना आनंद होईल. मी मुद्दाम समाजमंदिरात गेलो. माळ्यावर त्या आणि भिमाबाई मांडणीची धूळ पुसत होत्या. मी सांगितलं, की त्यांनी तो खोटा भाग काढून टाकला. भिमाबाईंनी नुसती मान हलवली. चांगुणाबाईंचा हात मात्र थांबला.

"काडला म्हंजे ठेवला कुटं?"

मी म्हटलं, ठेवला कुठेच नसणार, पुसून टाकला असणार. त्या माझ्याकडे अशा बघत राहिल्या, जणू तो मीच पुसला.

"पुसून कसा चालंल? तीस वर्सं गावाला काय सांगत हुते, ते उद्याच्या पोरांना दावायचं कशातनं? मंग हे म्हननार, आमी असं कदी बोललोच न्हाई."

त्यांनी तिथूनच दिशाला फोन लावायला सांगितलं. पहिला, पूर्ण, एक मिनिट न कापलेला माहितीपट तिच्याकडे शिल्लक होता. संस्थेला न विचारता तो देणं नियमात बसत नाही, हे दिशाने सांगितलं, आणि तिसऱ्या दिवशी पेनड्राइव्ह घेऊन ती स्वतः कोल्हारला आली. चांगुणाबाईंनी ती नखाएवढी वस्तू तळहातावर उलटीपालटी करून पाहिली. चिठ्ठी चिकटवायला तिच्यावर जागा नव्हती. म्हणून त्यांनी ती एका रिकाम्या कॅसेटच्या डबीत ठेवली, डबीवर चिठ्ठी लावली आणि मला पेन दिलं. त्या सांगत गेल्या तसं मी लिहिलं.

"अण्णांच्या पंचाहत्तरीचा पिक्चर. ह्यात रस्ता रोकोचं खोटं सांगितलेलं आहे. कुणी पुसू नये."